पाहण्याचा अधिकार

दुसऱ्याचे दुःख पाहण्याचा अधिकार माणसाला कोठून प्राप्त होतो? प्रश्न प्रथमदर्शनी विचित्र वाटेल. डोळे उघडे असले की समोरचे दिसतेच. त्यात अधिकार-अनधिकाराचा विचार कशाला, असे कोणी म्हणेल. परंतु दिसणे वेगळे आणि पाहणे वेगळे. दिसते ते आपसूक. पाहण्यात आपली इच्छा मिसळलेली असते, आणि जेथे इच्छा आली तेथे नीतीचा प्रश्न आलाच. महामार्गावर अपघात झाला की बघ्यांची गर्दी जमते. पूर्वी ही गर्दी पाहून निघून जाई. आज तिच्या हातात मोबाइल असतो आणि जखमीच्या घरी निरोप जाण्याआधी त्याचे रक्ताळलेले चित्र गावभर फिरून येते. त्या गर्दीतील कोणालाही विचारा, तो सांगेल, ‘मी काही केले नाही, फक्त पाहिले.’ या ‘फक्त पाहण्या’चाच आपल्याला येथे विचार करावयाचा आहे.

त्यासाठी एका अमेरिकन चित्रपटकाराची साक्ष काढावीशी वाटते. पाहणे हेच त्याने आपले जीवितकार्य मानले होते. फ्रेडरिक वाइजमन यांचा जन्म १९३० साली बॉस्टन येथे झाला. ते मूळचे कायद्याचे अभ्यासक. येल विद्यापीठात त्यांचे कायद्याचे शिक्षण झाले आणि पुढे बॉस्टन विद्यापीठात ते तोच विषय शिकवू लागले. त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला माहितीपट १९६७ साली पडद्यावर आला. तेव्हापासून २०२३ पर्यंत त्यांनी चाळीसहून अधिक चित्रपट केले. त्यांचा नायक कोणी व्यक्ती नसे. एखादी संस्था हाच त्यांचा विषय असे. फिलाडेल्फियातील एक शाळा, न्यूयॉर्कचे सार्वजनिक रुग्णालय, गरिबांना सरकारी मदत देणारे कार्यालय, बालगुन्हेगारांचे न्यायालय, सैनिकांची प्रशिक्षण-छावणी, इतकेच नव्हे तर मिशिगनमधील अँग्लिकन परंपरेतला एक मठदेखील. १९७१ साली त्यांनी स्वतःची वितरणसंस्था स्थापन केली व तिला आपल्या पत्नीचे, झिपोरा यांचे, नाव दिले. आपले काम मोठ्या चित्रपट-कंपन्यांच्या मर्जीवर अवलंबून राहू नये, हा त्यामागील हेतू. २०१६ साली त्यांना मानद ऑस्कर पुरस्काराने गौरविण्यात आले.

त्यांच्या पद्धतीला ‘निरीक्षणात्मक माहितीपट’ असे म्हणतात. आपल्यापैकी ज्येष्ठांना एके काळचे फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट आठवत असतील. चित्रपटगृहात मुख्य चित्रपट सुरू होण्यापूर्वी ते दाखवले जात. पडद्यावर धरण, कारखाना किंवा लसीकरण दिसे आणि एक भारदस्त आवाज आपण काय पाहतो आहोत व त्याविषयी काय वाटून घ्यावे, हे दोन्ही सांगून मोकळा होई. वाइजमन यांनी तो आवाजच काढून टाकला. त्यांच्या चित्रपटांत निवेदक नाही, मुलाखत नाही, बाहेरून जोडलेले पार्श्वसंगीत नाही, बोलणाऱ्याचे नाव व हुद्दा सांगणारी पट्टीसुद्धा नाही. १९६०च्या सुमारास खांद्यावर पेलता येईल असा १६ मिलिमीटरचा कॅमेरा आणि त्याच्याशी मेळ राखणारे सुटसुटीत ध्वनिमुद्रणयंत्र उपलब्ध झाले, त्यामुळे हे शक्य झाले. तिघांचा चमू असे. कॅमेरामन, एक साहाय्यक आणि ध्वनिग्राहक हाती घेतलेले स्वतः वाइजमन. चार ते बारा आठवडे ते त्या संस्थेत रोज जात, बसत, ऐकत. ज्याने नको म्हटले त्याचे चित्रण करायचे नाही, असा त्यांचा दंडक होता. असे शंभर तासांहून अधिक चित्रण जमले की ते सुमारे वर्षभर एकटे संकलनाला बसत.

आता एक गैरसमज दूर करायला हवा. निवेदन नाही म्हणजे मत नाही, असे मुळीच नव्हे. शंभर तासांतून तीन तास निवडणारा माणूस सत्त्याण्णव तास टाकून देतो, आणि काय ठेवावे व कशाशेजारी काय ठेवावे हा त्याचा निर्णय असतो. वाइजमन यांनी निःपक्षपातीपणाचा आव कधीच आणला नाही. आपले चित्रपट म्हणजे वास्तवातून रचलेली कथाच होत, असे ते म्हणत. फरक इतकाच, की आपला निर्णय ते प्रेक्षकाच्या गळी उतरवीत नसत. निष्कर्षाचे ओझे ते प्रेक्षकाच्या खांद्यावर ठेवीत.

या ओझ्याचे एक उदाहरण पाहा. १९६८ सालच्या ‘हायस्कूल’ या चित्रपटाच्या शेवटी मुख्याध्यापिका एका माजी विद्यार्थ्याचे पत्र वाचून दाखवतात. तो व्हिएतनामच्या युद्धावर निघाला आहे आणि आपण म्हणजे नेमून दिलेले काम करणारा केवळ एक देह आहोत, अशा आशयाचे लिहितो. हे पत्र म्हणजे आपल्या शाळेच्या यशाची पावती आहे, असे त्या अभिमानाने सांगतात आणि चित्रपट संपतो. कोणाला ते वाचन ऐकून अंगावर काटा येतो. उलट, बॉस्टनच्या शालेय समितीच्या एका सदस्येला हा चित्रपट उत्तम शाळेचा गौरवच वाटला, अशी आठवण वाइजमन सांगत असत. चित्रपट तोच, पण पाहणाऱ्यांची सदसद्विवेकबुद्धी निरनिराळी. असा चित्रपट आरशासारखा असतो. संस्थेकडे बघता बघता आपला स्वतःचा चेहरा त्यात दिसू लागतो.

परंतु लेखाच्या आरंभी विचारलेला प्रश्न खऱ्या तीव्रतेने उभा राहतो तो त्यांच्या पहिल्याच चित्रपटात. मॅसॅच्युसेट्स राज्यातील ब्रिजवॉटर येथे मनोरुग्ण बंदिवानांसाठी तुरुंगवजा सरकारी रुग्णालय होते. प्राध्यापक असताना वाइजमन कायद्याच्या विद्यार्थ्यांना ते दाखवायला नेत. ज्या माणसाला उद्या तुम्ही न्यायाधीश वा सरकारी वकील म्हणून शिक्षा मागाल, त्याला कोठे पाठवले जाते हे आधी पाहून घ्या, हा त्यामागचा विचार. पुढे रीतसर परवानगी घेऊन १९६६ साली त्यांनी तेथे चित्रण केले. तेथील रुग्ण व कर्मचारी मिळून एक वार्षिक करमणुकीचा कार्यक्रम करीत. त्याच्या नावावरून चित्रपटाला ‘टिटिकट फॉलीज’ हे शीर्षक मिळाले.

चित्रपट कृष्णधवल असून दीड तासाहून थोडा कमीच आहे, पण तो पाहणे सोपे नाही. उघड्या कोठडीत विवस्त्र ठेवलेली माणसे त्यात दिसतात. एका वृद्धाला, जो पूर्वी शिक्षक होता, पहारेकरी त्याच्या अस्वच्छ खोलीबद्दल तोच तो प्रश्न पुन्हा पुन्हा विचारून चिडवतात. आपण आजारी नाही, आपल्याला येथून परत नेहमीच्या तुरुंगात पाठवा, अशी विनवणी एक तरुण सुसंगत शब्दांत करतो आणि त्याचे तर्कशुद्ध बोलणे हेच त्याच्या आजाराचे लक्षण मानले जाते. अन्न नाकारणाऱ्या एका रुग्णाच्या नाकातून नळी घालून त्याला सक्तीने भरवले जाते. भरवणाऱ्या डॉक्टरच्या ओठांत सिगारेट आहे आणि तिची राख आता पडेल, मग पडेल, अशा बेताने लोंबते आहे. या प्रसंगाच्या मधे मधे त्याच रुग्णाचे शव दफनासाठी सजवले जात असल्याची दृश्ये येतात. जिवंतपणी न मिळालेली निगा त्याच्या मृतदेहाला मिळते. ही जोडणी जरा अतिठळक झाली, असे मत पुढे स्वतः वाइजमन यांनीच व्यक्त केले आहे.

राज्य शासनाने चित्रपटावर मनाई मागितली. रुग्णांच्या खाजगी आयुष्याचा भंग झाला, हे कारण होते. १९६८ साली न्यायाधीशांनी शासनाचे म्हणणे ग्राह्य धरले आणि निगेटिव्ह नष्ट करण्याचाही आदेश दिला. १९६९ साली राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश सौम्य केला. डॉक्टर, वकील, न्यायाधीश, समाजसेवक आणि या क्षेत्रांतील विद्यार्थी यांनाच चित्रपट दाखवता येईल, सर्वसामान्य जनतेला नाही, असे ठरले. अश्लीलता किंवा राष्ट्रीय सुरक्षा यांखेरीज अन्य कारणासाठी बंदी आलेला अमेरिकेतील हा पहिला चित्रपट मानला जातो. ही बंदी १९९१ साली उठली आणि १९९२ साली सार्वजनिक दूरचित्रवाणीवरून तो प्रसारित झाला. तोवर पडद्यावरील अनेक रुग्ण हे जग सोडून गेले होते.

सुजाण वाचकहो, या खटल्यात सत्य कोणाच्या बाजूला होते? घाईने उत्तर देऊ नये. शासनाची बाजू पोकळ नव्हती. ज्याचे चित्त ठिकाणावर नाही त्याची संमती ही संमती म्हणता येईल काय? नग्नावस्थेत, अपमानित होत असलेला तो माणूस आपल्या आयुष्यातील सर्वांत दीनवाणा क्षण हजारो अनोळखी डोळ्यांपुढे मांडण्यास कधी तयार झाला असता? व्यक्तीला कोणत्याही हेतूचे निव्वळ साधन बनवू नये, हे तत्त्व कारोल वोयतिवा यांनी, म्हणजे पुढे पोप झालेले संत जॉन पॉल दुसरे यांनी, १९६० साली ‘प्रेम आणि जबाबदारी’ या आपल्या ग्रंथात आग्रहाने मांडले आहे. हेतू सुधारणेचा असला म्हणून ते तत्त्व शिथिल होत नाही. चांगल्या कामासाठी निधी जमवताना रुग्णांची व अनाथांची केविलवाणी छायाचित्रे छापणाऱ्या आपल्यासारख्यांनी तर हे विशेष ध्यानात ठेवावे.

उलट बाजूही तितकीच भक्कम आहे. त्या माणसाची वस्त्रे कॅमेऱ्याने काढली नव्हती. त्याची विटंबना कॅमेरा येण्यापूर्वी चालली होती, आणि कॅमेरा नसता तर ती कोणाच्याही नजरेस न पडता चालूच राहिली असती. शासन रुग्णांच्या अब्रूचे नाव पुढे करून स्वतःची अब्रू झाकत आहे, असा वाइजमन यांचा युक्तिवाद होता. तो खोडून काढणे कठीण आहे.

येथे धर्मविद्यालयात आम्हांला शिकवलेली एक गोष्ट उपयोगी पडते. ‘डोळ्यांचा संयम’ हा तेथे एक सद्‌गुण मानला जाई. संत ऑगस्टिन यांनी आपल्या ‘कन्फेशन्स’ या ग्रंथात डोळ्यांच्या वासनेविषयी लिहिले आहे. छिन्नविच्छिन्न प्रेत पाहण्यात कोणते सुख? तरीही लोक ते पाहायला धावतात आणि पाहून पांढरेफटक पडतात, असे त्यांचे निरीक्षण आहे. आपला मित्र अलिपियस याची हकीकतही त्यांनी सांगितली आहे. मित्रांनी त्याला ओढून आखाड्यातील जीवघेणे द्वंद्व पाहायला नेले. तो डोळे मिटून बसला. गर्दीची आरोळी उठताच त्याने डोळे उघडले आणि पाहता पाहता त्या क्रौर्याची त्याला नशा चढली. जखमी झालेल्या योद्ध्यापेक्षा पाहणाऱ्याची जखम अधिक खोल होती, असा ऑगस्टिन यांचा निष्कर्ष आहे. सोळा शतकांपूर्वीचा हा माणूस आजच्या मोबाइलधारी गर्दीला अचूक ओळखतो.

पण डोळ्यांच्या संयमाचा अर्थ डोळे मिटणे असा घेतला तर घोटाळा होतो. दयाळू शोमरोन्याचा दाखला आठवा. रस्त्याच्या कडेला पडलेल्या त्या माणसाला तिघांनीही पाहिले होते. याजकाने पाहिले, लेव्याने पाहिले, शोमरोन्यानेही पाहिले. त्या दोघांच्या दृष्टीत काही दोष नव्हता. तो माणूस आपला आहे, हे त्यांनी मानले नाही, एवढाच त्यांचा अपराध. म्हणजे पाहण्याची नीती त्या क्षणी पुरी होत नाही. पाहिल्यानंतर आपण कोणते देणे पत्करतो, यावर ती ठरते.

आता १९६९ सालच्या त्या निर्णयाकडे पुन्हा वळू. जे काही करू शकतात त्यांनीच पाहावे, इतरांनी नाही, असा त्याचा मथितार्थ. यात शहाणपण आहे, कारण निष्क्रिय कुतूहलाला त्याने दार बंद केले. परंतु न्यायालयाची एक गोष्ट नजरेतून निसटली, असे मला वाटते. ब्रिजवॉटरचे रुग्णालय डॉक्टरांचे किंवा वकिलांचे नव्हते. ते नागरिकांच्या नावाने आणि नागरिकांच्या करांतून चालत होते. त्या कोठडीचे कुलूप प्रत्येक मतदाराच्या वतीने लावले जात होते. जे माझ्या नावाने केले जाते ते पाहण्याचा मला अधिकार आहे, किंबहुना ते माझे कर्तव्य आहे. अपघातातील अनोळखी माणसाचे रक्त माझ्या नावाने सांडलेले नसते. तेथे मदत करावी, किंवा मदत करणारे असतील तर वाट मोकळी करून नजर वळवावी. जबाबदारी जितकी, तितकाच पाहण्याचा अधिकार, अशी ही साधी कसोटी आहे.

तिला दुसरी एक कसोटी जोडायला हवी. कोणतीही गोष्ट गुप्त ठेवावी असे जेव्हा आपण म्हणतो, तेव्हा त्या पडद्याआड नेमके कोणाचे रक्षण होते आहे, हे विचारावे. दुर्बलाचे होत असेल तर पडदा पवित्र आहे. बलवानाचे होत असेल तर तो ढोंग आहे. हा प्रश्न आपण फक्त सरकारला विचारून भागत नाही. वाइजमन ज्या शहरात जन्मले व वाढले त्याच बॉस्टनमध्ये जानेवारी २००२ पासून ‘बॉस्टन ग्लोब’ या दैनिकाने धर्मगुरूंकडून झालेले बालकांचे लैंगिक शोषण आणि ते झाकण्याचे वरिष्ठांचे प्रयत्न उघडकीस आणले. त्याच वर्षीच्या डिसेंबरमध्ये कार्डिनल बर्नार्ड लॉ यांना आर्चबिशपपदाचा राजीनामा द्यावा लागला. ख्रिस्तसभेची बदनामी टळावी, म्हणून तेथे जे झाकले गेले त्याने संरक्षण संस्थेचे झाले आणि बालके उघड्यावर पडली. एक धर्मगुरू म्हणून हे वाक्य लिहिताना हात जड होतो, तथापि ते लिहिले नाही तर वरच्या साऱ्या विवेचनाला काही किंमत उरणार नाही.

पाहण्याचे हे ऋण कसे फेडावे, याचे दर्शन मला वाइजमन यांच्याच १९८९ सालच्या ‘नियर डेथ’ या चित्रपटात घडते. बॉस्टनच्या बेथ इस्रायल रुग्णालयातील अतिदक्षता विभागात तो चित्रित झाला आहे. कालावधी जवळजवळ सहा तास. चार रुग्ण, त्यांचे नातलग, परिचारिका आणि डॉक्टर. कृत्रिम श्वसनयंत्र चालू ठेवायचे की काढायचे, या एकाच प्रश्नाभोवती बोलणी चालतात, थांबतात, पुन्हा सुरू होतात. डॉक्टर तेच तेच वेगळ्या शब्दांत समजावतात, पत्नीला ते कळते आणि कळत नाही. येथे रडवणारे संगीत नाही, की कोणाला खलनायक ठरवण्याची सोय नाही.

इतका वेळ कशाला, असे कोणी विचारील. आजाऱ्यांना अभ्यंग देण्यासाठी अशा विभागांच्या दाराशी मी पुष्कळदा उभा राहिलो आहे आणि त्या बाहेरच्या बाकांवर वेळ कसा चालतो हे जाणतो. तेथील दुःख दीड मिनिटात सांगता येत नाही. सांगितले की ते खोटे होते. सहा तास बसवून घेणे म्हणजे त्या नातलगांच्या जागरणाचा लहानसा वाटा प्रेक्षकाला उचलायला लावणे होय. ज्या क्षणी आपण थोड्या वेळाचे ध्यान देऊन पुढच्या चित्राकडे सरकतो, त्या क्षणी समोरचा माणूस दृश्य बनतो. जेथे आपण थांबतो, तेथे तो पुन्हा माणूस होतो. मोबाइलवर अंगठ्याने सरकवलेली शंभर दुःखे आणि शेजारणीच्या उशाशी घालवलेला एक तास यांत हाच फरक आहे.

मग आपल्या कुटुंबांनी व धर्मग्रामांनी यातून काय घ्यावे? पहिली गोष्ट अगदी लहान आहे. आजाऱ्याचे, मृताचे, अपघातग्रस्ताचे चित्र पुढे पाठवण्यापूर्वी, हे पाहून समोरचा कोणते देणे उचलणार आहे, असे स्वतःला विचारावे. उत्तर नसेल तर ते चित्र आपल्यापाशीच संपू द्यावे. दुसरी गोष्ट याहून अवघड आहे. आपल्या नावाने शाळा चालतात, दवाखाने चालतात, अनाथालये व वृद्धाश्रम चालतात. वार्षिक दिनाला आपण तेथे जातो, स्वागतगीत ऐकतो, फळे वाटतो, छायाचित्र काढतो आणि परततो. पण सण नसलेल्या एखाद्या मंगळवारी दुपारी, कोणालाही वर्दी न देता, तेथे दोन तास निमूट बसण्याची आपली तयारी आहे काय? जेवण कसे वाढले जाते, हाक मारल्यावर किती वेळाने कोण येते, वर्गातल्या मंद मुलाशी शिक्षक कोणत्या स्वरात बोलतो, हे पाहण्याची? दोष काढण्यासाठी नव्हे. ते आपले आहे म्हणून.

आपली मराठी या बाबतीत मोठी शहाणी आहे. ‘पाहणे’ या एका क्रियापदाला तिने दोन अर्थ दिले आहेत. ‘आजोबांना दवाखान्यात पाहून आलो’ असे आपण म्हणतो, आणि ‘म्हातारपणी आईवडिलांना धाकटाच पाहतो’ असेही म्हणतो. पहिल्या वाक्यात डोळे आहेत. दुसऱ्यात औषधपाणी आहे, अंथरूण बदलणे आहे, रात्री उठणे आहे. ज्या भाषेने पाहणे आणि सांभाळणे यांना एकच शब्द दिला, तिच्या लेकरांनी तरी ‘मी फक्त पाहिले’ असे म्हणून सुटका करून घेऊ नये.